बॉल पायथन पाण्यातून बाहेर येत नाही: माइटचा उपचार कुठून सुरू करावा?

वाचकाचे पत्र: आमच्याकडे तीन वर्षांचा बॉल पायथन (अजगराची एक जात) आहे. काही दिवसांपासून तो सतत पाण्याच्या भांड्यात वेटोळे घालून बसतो, खाणेही नाकारतो. भांड्याच्या तळाशी बारीक काळे कण साचतात. त्याला उचलल्यावर माझ्या हातावर असाच एक कण चालताना दिसला. दीड महिन्यापूर्वी एका ओळखीच्यांकडून आणलेला लहान कॉर्न स्नेक शेजारच्याच पेटीत आहे, पण त्याच्या अंगावर काही दिसत नाही. घरात जमिनीवरचे एक कासवही आहे. एकांनी सांगितले की गुरांना देतात ते आयव्हरमेक्टिन सगळ्यांनाच टोचून घ्या. दुसऱ्यांनी कुत्र्याच्या पिसवांवरचा स्प्रे सुचवला. माझ्या मनगटावर लाल पुरळ उठले आहे, ते यामुळेच असेल का? काय करावे?

उत्तर:

स. न. वि. वि.

बाकी सगळे नंतर वाचलेत तरी चालेल, पण एक गोष्ट आधी लक्षात घ्या. आयव्हरमेक्टिन कासवाला कोणत्याही मार्गाने आणि कितीही कमी प्रमाणात देऊ नका. कासवांच्या बाबतीत हे औषध मज्जासंस्थेवर घातक परिणाम करते. स्नायू लुळे पडतात, श्वास मंदावतो आणि प्राणी दगावतो. ही गोष्ट पशुवैद्यकीय साहित्यात 1983 पासून नोंदलेली आहे. सापांमध्ये हे औषध काही वेळा वापरले जाते, परंतु ते प्राण्याचे वजन, जात आणि प्रकृती पाहून, आणि ते देण्याचा अनुभव असलेल्या पशुवैद्यांच्याच हातून. गुरांसाठीचे द्रावण इतके तीव्र असते की अंदाजाने भरलेल्या सुईतला थेंबभर फरकसुद्धा लहान सापाला जास्त होऊ शकतो. म्हणून सरसकट सगळ्यांना टोचून घेण्याचा तो सल्ला कृपया बाजूला ठेवा.

आता तुमच्या पायथनाकडे वळू. तुम्ही दिलेल्या वर्णनावरून हे सापांवरचे माइट, म्हणजे गोचिडाच्या कुळातले बारीक जीव, असण्याची शक्यता फार मोठी आहे. शास्त्रीय नाव ऑफिओनिसस नॅट्रिसिस. हा रक्तावर जगणारा परजीवी असून 1844 पासून शास्त्राला माहीत आहे आणि पाळीव सापांबरोबर तो जगभर पसरलेला आहे. उपाशी असताना तो फिकट पिवळसर-तपकिरी असतो आणि सहसा नजरेला पडतच नाही. रक्त पिऊन फुगलेली मादी मात्र गडद लाल ते काळी होते आणि तिची लांबी 1 मिलिमीटरच्या आसपास जाते. तुमच्या हातावर चालताना दिसलेला ठिपका बहुधा अशीच एखादी मादी असावी. साप पाण्यात जाऊन बसतो कारण पाण्याखाली गेलेले माइट बुडतात आणि खाज काही काळ थांबते. भांड्याच्या तळाशी साचणारे काळे कण म्हणजे बुडून मेलेले माइट.

तरीही खात्री करून घ्या, कारण कात टाकण्याआधी किंवा पेटी फार गरम झाल्यावरही साप पाण्यात बसतो, आणि पेटीत फिरणारा प्रत्येक बारीक जीव रक्तपिपासू नसतो. ओलसर अंथरुणात उड्या मारणारे पांढरट स्प्रिंगटेल आणि विष्ठेवर किंवा कुजणाऱ्या लाकडावर संथपणे फिरणारे फिकट माइट हे सडके पदार्थ खाऊन जगतात, सापाला त्यांच्यापासून त्रास नसतो. तपासणीसाठी एक पांढरा टिश्यू कोमट पाण्यात भिजवून पिळून घ्या. सापाला हातात सैल धरून, मानेपासून शेपटीकडे, म्हणजे खवले ज्या दिशेला झुकलेले असतात त्याच दिशेने तो अलगद फिरवा. टिश्यूवर आलेला ठिपका नखाने दाबल्यावर तांबूस-तपकिरी डाग पसरला तर ते रक्त आहे आणि शंकेला जागा उरत नाही. खवल्यांवर राखेसारखी पांढरट धूळ दिसली तर तीही खूण समजा, कारण ती माइटची विष्ठा असते.

अंगावर शोधताना पाठीपेक्षा तीन ठिकाणांकडे जास्त लक्ष द्या: डोळ्याच्या कडेला असलेली बारीक फट, हनुवटीखालची खाच आणि शेपटीच्या बुडाशी असलेले उत्सर्जनाचे छिद्र. बॉल पायथनच्या वरच्या ओठावर उष्णता ओळखणाऱ्या ज्या खळग्या असतात, त्यांतही माइट ठाण मांडून बसतात. मोबाइलच्या कॅमेऱ्याने डोळ्याचे जवळून छायाचित्र घेतले आणि ते मोठे करून पाहिले, तर नुसत्या नजरेला न दिसणारे माइट डोळ्याच्या कडेला ओळीने अडकलेले स्पष्ट दिसतात. एखादा खवला इतरांपेक्षा किंचित उचललेला वाटला तर त्याच्याखालीही पाहा. नुकतीच टाकलेली कात असेल तर ती फेकण्यापूर्वी उजेडात धरून तपासा. विशेषतः डोक्याच्या भागावर माइट चिकटून आलेले असतात. कात तुकड्यातुकड्यांत निघत असेल तर तेही या त्रासाचेच एक लक्षण असू शकते.

इथपर्यंत निदान झाले. आता या पत्रात मला सर्वाधिक आग्रहाने सांगायची गोष्ट: तुम्हाला सापाच्या अंगावर जे दिसतात तो एकूण संख्येचा लहानसा भाग असतो. उरलेले पेटीत असतात, आणि म्हणून खरा उपचार पेटीचा करायचा असतो. सापाला आंघोळ घालून त्याच पेटीत परत ठेवणारी माणसे महिनोन्महिने झुंजत राहतात आणि अखेरीस अधिकाधिक विषारी औषधांकडे वळतात. तो साप मग माइटपेक्षा औषधांनीच जास्त खंगतो.

हे असे का होते, ते माइटच्या जीवनक्रमावरून कळते. जोसेफ कॅमिन या संशोधकाने 1953 मध्ये प्रसिद्ध केलेल्या अभ्यासात या माइटच्या सवयी फार बारकाईने टिपल्या आहेत. अंड्यातून निघालेली अळी काही खात नाही. ती एक-दोन दिवसांत पुढच्या अवस्थेत जाते आणि ही दुसरी अवस्था रक्ताच्या शोधात सापावर चढते. पोट भरल्यावर ती साप सोडून खाली उतरते, एक दिवसाच्या आसपास न खाता काढते, प्रौढ होते आणि पुन्हा सापावर येते. म्हणजे अंडे, अळी आणि मधली एक अवस्था, अशा तीन अवस्था सापाच्या अंगाबाहेरच जातात. पोट भरलेली मादी अंडी घालण्यासाठी सापापासून दूर जाते, आणि वरच्या दिशेने चढत अंधारी, दमट फट शोधते. त्यामुळे तळ घासून लखलखीत केला तरी अंडी सुरक्षित राहतात, कारण ती झाकणाच्या कडेला, सरकत्या काचेच्या खाचेत, सिलिकॉनच्या सांध्यात, स्क्रूच्या डोक्याखाली आणि हीट मॅटची (पेटीला ऊब देणाऱ्या विजेच्या चटईची) वायर बाहेर काढण्याच्या छिद्रात असतात. एक मादी तिच्या आयुष्यात 60 ते 80 अंडी घालू शकते. 25 ते 30 अंश सेल्सिअस तापमानात, म्हणजे पायथनला जे तापमान आपण मुद्दाम देतो त्यातच, अंड्यापासून प्रौढापर्यंतचा प्रवास 13 ते 19 दिवसांत पुरा होतो. शिवाय नराशी संयोग न झालेली मादीही अंडी घालते आणि त्यातून नर जन्माला येतात, त्यामुळे एकटी उरलेली मादीसुद्धा वसाहत पुन्हा उभी करू शकते.

तेव्हा आजच सुरुवात करा. झाकणाला हवेची बारीक छिद्रे असलेला, आतून गुळगुळीत असा प्लास्टिकचा डबा घ्या आणि पायथनला त्यात हलवा. तळाला साधा पांढरा कागद किंवा पेपर टॉवेल, लपण्यासाठी पुठ्ठ्याचा एक खोका, आणि कलंडणार नाही असे पाण्याचे भांडे, एवढेच आत असू द्या. पांढऱ्या कागदामुळे रोज किती माइट पडतात ते दिसते, आणि कागद व खोका रोज बदलून, जुने पिशवीत घट्ट बांधून घराबाहेर टाकता येतात. उष्णतेची सोय तशीच ठेवा, पण थर्मोस्टॅटचा सेन्सर नव्या डब्यात नीट बसवला आहे ना ते पाहा. घाईत डबा बदलताना सेन्सर बाहेर राहिला आणि साप भाजला, असे प्रकार घडतात.

डब्यात ठेवण्यापूर्वी त्याला 28 ते 30 अंशांच्या कोमट पाण्यात 20 ते 30 मिनिटे बसवा. पाणी त्याच्या शरीराच्या जाडीपेक्षा खोल नको, म्हणजे डोके सहज वर राहील. तेवढा वेळ तुम्ही समोरून उठू नका. पाणी चढू लागले की माइट कोरड्या भागाकडे, म्हणजे डोक्याकडे पळतात. तिथले माइट ओल्या कापसाच्या काडीने, डोळ्यावर दाब न देता टिपून घ्या. आंघोळीनंतर मऊ कापडाने अंग पुसताना प्रत्येक वेळी कापडाची नवी घडी वापरा. ही आंघोळ उपयोगाची आहे पण तिच्याने माइट संपत नाहीत, हे ध्यानात असू द्या, आणि अशक्त झालेल्या सापाला ती रोज घालू नका; थकव्याची भर पडते. खोबरेल किंवा अन्य तेल संपूर्ण अंगाला चोळण्याची पद्धत मला मान्य नाही. तेलाने माइट गुदमरतात हे खरे, परंतु ते खवल्यांच्या खाली साचते, कागदाचा कचरा त्यावर चिकटतो, पुढची कात अडते आणि नाकपुड्यांशी गेल्यास श्वासाला अडथळा होतो.

त्यानंतर मूळ पेटी. अंथरूण पूर्णपणे काढून पिशवीत बांधा आणि त्याच तासात घराबाहेर न्या. लाकडी ओंडके, झाडाची साल, नारळाच्या कवट्या यांचा मोह सोडा. अशा सच्छिद्र वस्तूतली अंडी गेली की नाही, याची खात्री कशानेच देता येत नाही, त्यामुळे टाकून देणे हेच शहाणपणाचे. दगड, भांडी, सापाला लपण्यासाठीच्या प्लास्टिकच्या गुहा (हाइड) उकळत्या पाण्यातून काढा. 50 अंशांच्या वरची उष्णता माइटना सोसत नाही, म्हणून रिकाम्या पेटीच्या सांध्यांवर, खाचांवर आणि झाकणावर वाफेचा झोत सावकाश फिरवणे हा उत्तम उपाय आहे. काच तडकू नये म्हणून झोत एका जागी धरून ठेवू नका. वाफेचे यंत्र नसेल तर गरम पाणी, साबण आणि जुना दात घासायचा ब्रश यांनीही बरेच काम होते. फक्त वरपासून खालपर्यंत एकही फट सुटता कामा नये. पेटी ज्या मांडणीवर ठेवली आहे तिची मागची बाजू, भिंत आणि जमीन यांच्यामधली फट आणि जवळची वायर यांवर व्हॅक्यूम फिरवून त्यातली पिशवी लगेच बाहेर टाका. फिनाइलचा वास येणारे फरशीचे द्रावण, कापूर आणि डांबराच्या गोळ्या यांतले काहीही पेटीत किंवा तिच्या आसपास वापरू नका, कारण फिनॉल वर्गातली रसायने आणि नॅप्थलिनची वाफ सरपटणाऱ्या प्राण्यांना विषारी ठरते. धुऊन कोरडी केलेली पेटी लगेच भरण्यापेक्षा रिकामी ठेवा. उपाशी माइट दोन-तीन आठवडे, अनुकूल दमटपणात महिनाभरही, तग धरू शकतात. कोरड्या हवेत मात्र ते लवकर सुकून मरतात. रिकामी पेटी कोरडी आणि उबदार ठेवण्याचा खरा लाभ हाच आहे.

आता औषधांविषयी. कुत्र्यांच्या स्प्रेत बहुधा फिप्रोनिल, पर्मेथ्रिन किंवा तत्सम एखादे कीटकनाशक असते. बाटलीवर काय लिहिले आहे, ते पाहिल्याशिवाय कोणताही स्प्रे सापावर मारू नका. फिप्रोनिलचे काही स्प्रे मद्यार्कात बनवलेले असतात आणि लहान किंवा अशक्त प्राण्यासाठी ते द्रावकच त्रासदायक ठरते. पर्मेथ्रिन वर्गातली औषधे सापाच्या नव्हे, पेटीच्या उपचारासाठी चांगली आहेत. प्राणी आणि पाण्याचे भांडे दोन्ही बाहेर काढावे, ठरलेल्या प्रमाणात पेटीवर हलकी फवारणी करावी, झाकण उघडे ठेवून ती पूर्ण कोरडी होऊ द्यावी, वास गेल्यावरच प्राणी परत ठेवावा. ओल्या पर्मेथ्रिनवर साप सरकला तर अंग थरथरणे, डोके वर करून वाकडे धरणे, उलटे केल्यावर सुलटे होता न येणे, अशी लक्षणे दिसू लागतात. असे झालेच तर कोमट पाण्याने धुऊन, मोकळ्या हवेत ठेवून, तत्काळ पशुवैद्यांकडे न्या. घरात मांजर किंवा माशांची टाकी असल्यास पर्मेथ्रिन त्यांच्यासाठी प्राणघातक आहे, हेही विसरू नका. पेटीत टांगायच्या कीटकनाशक पट्ट्या पूर्वी खूप वापरल्या जात. त्यांतले डायक्लोरव्हॉस बंद पेटीत श्वासावाटे प्राण्याच्याही शरीरात जाते, म्हणून मी त्या सुचवत नाही.

रसायने टाळायची असतील तर माइट खाणारे माइट हा एक मार्ग आहे. स्ट्रॅटिओलेलॅप्स सिमिटस नावाचे हे शिकारी माइट मुळात कुंड्यांतल्या मातीतल्या माश्यांच्या अळ्यांवर सोडण्यासाठी विकले जातात. ते सापाला चावत नाहीत, आणि सापावरच्या माइटना शोधून खातात. अंथरुणात जिवंत माती आणि रोपे असलेल्या पेट्यांमध्ये, जिथे सगळे उपसून टाकणे कठीण असते, तिथे हा मार्ग मला विशेष आवडतो. तुमच्या बाबतीत प्रादुर्भाव जास्त दिसतो आणि साप खात नाही, त्यामुळे आधी वर सांगितलेली सफाई आणि पशुवैद्यांनी ठरवलेले औषध, असा क्रम ठेवा. शिकारी माइट आणि फवारणी एकत्र करू नका. फवारणीत तेही मरतात.

हे सगळे किती दिवस? किमान सहा आठवडे. पहिल्या दहा-बारा दिवसांत काळे ठिपके दिसेनासे होतात आणि बहुतेक लोक तिथेच थांबतात. पण त्या वेळी फटीतल्या अंड्यांतून नवी पिढी बाहेर येत असते, जी फिकट आणि उपाशी असल्यामुळे दिसत नाही. रोज कागद बदलताना तो आधी उजेडात पाहा, पेटीच्या आतल्या वरच्या कडेला दुहेरी चिकटपट्टी लावा आणि तीवर काही अडकले आहे का ते तपासा. शेवटचा माइट ज्या दिवशी दिसला त्या दिवसापासून सहा आठवडे मोजा. मध्येच एक जरी दिसला तरी मोजणी पुन्हा पहिल्यापासून.

कॉर्न स्नेकच्या अंगावर काही दिसत नाही, हे वाचून निर्धास्त होऊ नका. तो घरात आला आणि दीड महिन्याने पायथनला त्रास सुरू झाला. माइटच्या दोन-तीन पिढ्या व्हायला नेमका एवढाच काळ लागतो. लहान, सडपातळ सापावर थोडेच माइट असले तर ते दिसत नाहीत, मात्र तेवढे माइटही लहान सापाचे रक्त कमी करायला पुरेसे असतात. दोघांचे उपचार एकाच दिवशी सुरू करा, पण दोघांना वेगवेगळ्या खोल्यांत ठेवा. हाताळणीचा क्रम ठरवून घ्या: आधी कासव, मग कॉर्न स्नेक, सर्वांत शेवटी पायथन, आणि त्यानंतर हात कोपरापर्यंत धुऊन कपडे बदला, कारण माइट बाहीवरून आणि साप उचलण्याच्या हुकवरूनही दुसऱ्या पेटीत पोहोचतात. कासवावर हे माइट सहसा वस्ती करत नाहीत. त्याची जागा दूर आणि फवारणीपासून मुक्त ठेवणे एवढेच त्याच्यासाठी करायचे आहे. यापुढे कोणताही नवा साप आला तर तो वेगळ्या खोलीत, पांढऱ्या कागदावर, किमान दोन महिने राहू द्या. तीन महिने जमले तर अधिक चांगले.

माइट म्हणजे नुसती खाज, असे समजून चालढकल करणारे अनेक जण भेटतात आणि त्याचे मला मनापासून वाईट वाटते. हे माइट एका सापाकडून दुसऱ्याकडे जिवाणू नेऊ शकतात. कॅमिन यांनीच 1948 मध्ये सापांमधल्या जिवाणूजन्य रक्तदोषाचा प्रसार माइटमार्फत होतो, हे दाखवले होते. बोआ आणि पायथन यांना होणाऱ्या इन्क्लूजन बॉडी डिसीज या असाध्य आजाराशी रेप्टारेनाव्हायरस या विषाणूंचा संबंध 2012 मध्ये समोर आला, आणि त्याच्या प्रसारातही माइटचा हात असावा असा तज्ज्ञांना दाट संशय आहे. म्हणूनच पशुवैद्यांकडे जाणे टाळू नका. पायथनचे तोंड हलकेच उघडून आतला रंग पाहा. नेहमीच्या फिकट गुलाबीऐवजी पांढराफटक दिसला, साप हातात ढिला पडत असला, तोंड उघडे ठेवून श्वास घेत असला किंवा पोटावरच्या रुंद खवल्यांवर लालसर डाग दिसले, तर उद्याची वाट पाहू नका. खाणे बंद आहे म्हणून त्याच्या तोंडात भक्ष्य कोंबू नका. निरोगी, वयात आलेला बॉल पायथन काही आठवडे न खाता राहू शकतो, आणि माइट कमी झाल्यावर बहुतेक वेळा तो आपणहून खाऊ लागतो. तोवर दर आठवड्याला त्याचे वजन करून लिहून ठेवा. घट सुरूच राहिली तर तो आकडा पशुवैद्यांना फार उपयोगी पडेल.

राहता राहिले तुमच्या मनगटावरचे पुरळ. हे माइट माणसाला कधीकधी चावतात आणि बारीक, खाजणारे लाल फोड उठतात. अशा नोंदी आहेत. परंतु ते माणसाच्या अंगावर वस्ती करत नाहीत आणि सापावरचे माइट संपले की पुरळही येईनासे होते. तोपर्यंत सापाला गळ्याभोवती किंवा अंथरुणावर घेऊ नका, आणि त्याला हाताळताना पूर्ण बाहीचे, फिक्या रंगाचे कपडे घाला, म्हणजे चढलेला माइट लगेच दिसेल. आठवड्याभरात पुरळ कमी झाले नाही, तर त्वचेच्या डॉक्टरांना दाखवताना घरात साप आहेत आणि त्यांच्यावर माइट सापडले आहेत, हे आवर्जून सांगा.